मार्केनला बसने जाता येतं, मग त्याला बेट का म्हणतात?

ॲमस्टरडॅमहून बस थेट गावात जाते, तर नेदरलँड्समधलं मार्केन हे बेट कसं, असं तुम्ही विचारलंय. 1957 सालापर्यंत ते खरोखरच बेट होतं. त्या वर्षी मुख्य भूमीपासून बांध घातला गेला आणि त्यावरून रस्ता आला. पण या गावाचा इतिहास समजून घ्यायचा तर रस्ता सोडून घरांच्या खाली बघावं लागतं.

इथली जमीन पीटची, म्हणजे अर्धवट कुजलेल्या वनस्पतींची. पाणी काढून ती नांगराखाली आणली की खचत जाते आणि मग समुद्राला आत यायला वाट मिळते. मध्ययुगातल्या वादळांनी मार्केन असंच किनाऱ्यापासून तुटलं. तेराव्या शतकात फ्रिझलंडच्या एका मठातल्या संन्याशांनी इथे बांध घालून शेती केली. पुढे ते बांध पुरे पडेनात. शेती सुटली, लोक मासेमारीकडे वळले.

राहायला त्यांनी मातीचे उंचवटे रचले. आपल्याकडे गावाची पांढर असते ना, तशीच ही टेकाडं, फक्त मुद्दाम, पुरापासून वाचण्यासाठी घातलेली. वस्ती वाढली तशी टेकाडांवरची जागा संपली, आणि नवी घरं लाकडी खांबांवर उभी राहिली. खालचा भाग मोकळा, म्हणजे लाट आली तर घराखालून निघून जाईल. बंदराजवळच्या हाफेनबूर्टमध्ये मी अशा एका घरासमोर बराच वेळ थांबलो होतो. हिरव्या रंगाच्या, पांढऱ्या पट्ट्यांच्या भिंतीखाली पूर्वीची ती उघडी जागा आता फळ्यांनी बंद केलेली आहे. पूर्वी ही घरं डांबराने काळी केलेली असत. फळ्या लावायची हिंमत लोकांना कधी झाली, हाच मला या गावाचा सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न वाटतो.

त्याचं उत्तर 1932 सालात आहे. 13-14 जानेवारी 1916 च्या रात्री झाउडरझे या उथळ समुद्राला वादळी उधाण आलं आणि एकट्या मार्केनवर 16 माणसं गेली. एवढ्याशा गावात 16 म्हणजे दुःख घरोघरी पोचलं असणार. अभियंते कॉर्नेलिस लेली यांची समुद्र बंद करण्याची योजना बरीच वर्षं मांडून पडली होती. या पुरानंतर, 1918 मध्ये तिचा कायदा झाला. 28 मे 1932 रोजी 32 किलोमीटर लांबीच्या आफस्लाउटडाइक या बांधातली शेवटची फट बुजवली गेली. लाट थांबली, म्हणून घराखाली फळ्या लागल्या. पण पाणी हळूहळू गोडं झालं आणि हेरिंग, अँचोव्ही गेले. ज्या बांधाने गाव वाचवलं, त्यानेच पिढ्यान्‌पिढ्यांचा धंदा संपवला. पाहुण्यांना पारंपरिक पोशाख आणि लाकडी बूट दाखवणारं गाव बघताना हे मनात ठेवा, एवढी विनंती.

आता तुमच्या प्रश्नाचा राहिलेला भाग. 1957 चा तो बांध केवळ गावाच्या सोयीसाठी नव्हता. मार्करवार्ड नावाची नवी जमीन पाण्यातून काढायची होती, त्या घेरातलाच तो एक तुकडा. ते झालं असतं तर मार्केन शेतांच्या मध्ये गडप झालं असतं. अनेक वर्षं वाद झाले आणि शेवटी तो बेत सोडून देण्यात आला. त्यामुळे बसमधून उतरून 1839 च्या दीपगृहाकडे चालत गेलात तर आजही पाणीच लागतं. फक्त ते खारं नाही.