वाचक विचारतात : पट्टीतून पडद्यावर

प्रश्न : ‘मट अँड जेफ’ या वर्तमानपत्री चित्रमालिकेवर १९१६पासून मूक ॲनिमेशनपट नेमाने निघू लागले. इतकी चित्रं हाताने कशी काढली जायची?

उत्तर : अख्खं चित्र दर वेळी काढायचंच नाही, ही त्यातली मेख. अमेरिकन व्यंगचित्रकार विन्सर मॅके यांनी १९११मध्ये आपल्याच चित्रमालिकेतला ‘लिटल निमो’ पडद्यावर आणला तेव्हा सुमारे चार हजार चित्रं काढली, तीही पार्श्वभूमी न दाखवता. एखाद्या अवलियाला ते शोभतं. नेमाने चित्रपट काढणाऱ्या स्टुडिओला परवडत नाही.

‘मट अँड जेफ’चे ॲनिमेशनपट काढणाऱ्या राऊल बारे यांनी कापाकापीची युक्ती वापरली. समजा, जेफ नुसता हात हलवतोय. मग धड एका कागदावर एकदाच काढायचं आणि हाताच्या हालचाली वेगळ्या कागदांवर. वरच्या कागदाचा नको तो भाग कापला की खालचं धड दिसतं. सगळ्या कागदांना एकसारखी भोकं पाडून ते खुंट्यांवर बसवायचे, वर काच दाबायची आणि छायाचित्र घ्यायचं. भोक सैल झालं की चित्र थरथरतं. कापलेली कड उचलली गेली की तिची सावली उमटते. कागद अपारदर्शक, त्यामुळे झाडं-घरं कडेला आणि पात्रं मोकळ्या जागेत, अशी मांडणी सोयीची पडे.

ॲनिमेटर अर्ल हर्ड यांना १९१५मध्ये सेलचं, म्हणजे चित्र काढायच्या पारदर्शक सेल्युलॉइड पत्र्याचं, पेटंट मिळालं. सेलमुळे पात्र पार्श्वभूमीवरून कुठेही फिरू शकतं. मात्र प्रत्येक थर थोडा प्रकाश खातो. मधेच एक सेल काढली तर खालचा राखाडी रंग एकदम उजळतो, म्हणून तिच्या जागी कोरी सेल ठेवावी लागते.

प्रश्न : बोलताना पात्रं पुतळ्यासारखी का थांबतात?

उत्तर : चित्रपट मूक, त्यामुळे संवाद पात्राजवळच्या फुग्यात लिहिलेला असतो आणि तो वाचायला वेळ द्यावा लागतो म्हणून. सेकंदाला १६ चौकटी (फ्रेम) धरल्या तर तीन सेकंदांच्या वाक्याला ४८ चौकटी, आणि त्या एकाच चित्राच्या! श्रम वाचतात, पण विनोद रेंगाळतो.

प्रश्न : हे चित्रपट आज धावल्यासारखे का वाटतात?

उत्तर : ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात. ५०० फुटांची फिल्म सेकंदाला १६ चौकटींनी ८ मिनिटं २० सेकंद चालते. आजच्या नेहमीच्या २४च्या वेगाने दाखवली तर साडेपाच मिनिटांत आटोपते, म्हणून पात्रं धावतात. तेव्हा एकच ठरलेला वेग नव्हता, म्हणून फुगाच प्रमाण माना : तो वाचून होण्याआधी नाहीसा होत असेल, तर व्हिडिओ प्लेअरमधला वेग ०.७५वर आणून पाहा.