'सुरांचं चांदणं' असं म्हणता येतं का?

प्रश्न असा आहे: एका कथेत मैफलीचा प्रसंग आहे आणि त्यात 'तिच्या सुरांचं चांदणं पसरलं' असं वाक्य आलं आहे. वाचणाऱ्या एकाने हरकत घेतली की सूर ऐकायचे असतात, चांदणं बघायचं असतं. ही सरमिसळ मराठी नव्हे, 'मूनलाइट सोनाटा' या पाश्चात्त्य पियानोरचनेसारख्या नावांवरून आलेलं इंग्रजी वळण आहे. हे खरं का? आणि जाता जाता, 'चांदण्यात' लिहायचं की 'चांदण्यांत'?

हरकत मला मुळीच मान्य नाही. चांदणं आणि ऐकणं यांची गाठ मराठीत फार जुनी आहे. शके 1212 मधली, म्हणजे 1290 ची ज्ञानेश्वरी उघडा. पहिल्याच अध्यायात श्रोत्यांनी कथा कशी ऐकावी हे सांगताना ज्ञानदेव म्हणतात:

जैसे शारदियेचिये चंद्रकळे-
माजि अमृतकण कोंवळे
ते वेंचिती मनें मवाळें
चकोरतलगें

तलग म्हणजे पिल्लू. शरदातल्या चंद्रकलेतले कोवळे अमृतकण चकोराची पिल्लं जशी हलक्या मनाने वेचतात, तशी ही कथा ऐकावी. मोठे चकोर नाहीत, पिल्लं आहेत, आणि ती चोचीने नाही, मनाने वेचतात. ऐकण्याच्या क्रियेला इतकी नाजूक उपमा मला दुसरीकडे आढळलेली नाही. इथे चांदणं दिसण्यासाठी आलेलंच नाही, ते कानांनी टिपायच्या शब्दाच्या जागी आलं आहे. पुढे सहाव्या अध्यायात तर इंद्रियांच्या अदलाबदलीचं उघड वर्णन आहे. 'दिसती नादींचे रंग थोडे' असा तिथला एक चरण, म्हणजे या शब्दांच्या कोवळेपणापुढे नादाचे रंगही थोडे दिसतात. मग 'ऐका रसाळपणाचिया लोभा, कीं श्रवणींचि होति जिभा', कानांनाच जिभा फुटतात. आणि 'बोलें इंद्रियां लागे कळंभा', म्हणजे या बोलामुळे इंद्रियांत भांडण लागतं. शब्द हा खरा कानाचा विषय, पण जीभ म्हणते हा रस आमचा. ज्या भाषेत सातशे वर्षांपूर्वी नादाचे रंग दिसत होते, तिला 'सुरांचं चांदणं' उसनं आणावं लागलेलं नाही.

पण जुना दाखला मिळाला म्हणून प्रयोग आजच्या बोलण्यातही रुजलेला आहे असं होत नाही. त्यासाठी क्रियापदं पाहावीत, कारण एखादी गोष्ट भाषेने कोणत्या घरात बसवली आहे ते नामापेक्षा क्रियापद जास्त खरं सांगतं. चांदणं सांडतं, झिरपतं, पाझरतं, बरसतं; आपण चांदण्यात भिजतो, न्हातो. आता सूर घ्या. सूर झिरपतो, पाझरतो, बरसतो. सुरांत माणूस भिजतो, न्हाऊन निघतो. दोघांनाही मराठीने पाण्याच्या पंक्तीत बसवलं आहे. उन्हाचं तसं नाही. ऊन लागतं, भाजतं, चटका देतं, आणि कोवळं असेल तर आपण ते खातो. ऊन खायचं आणि चांदणं प्यायचं, हा फरक आपण विचार न करता पाळतो. म्हणून 'सुरांचं ऊन' म्हटलं की कान टवकारतात, 'सुरांचं चांदणं' मात्र सहज गळी उतरतं.

नावांकडे पाहिलं तरी हेच नातं दिसतं. संस्कृतात 'चंद्र' हा शब्द ज्या धातूवरून येतो त्याचे अर्थ दोन, प्रकाशणे आणि आल्हाद देणे. रघुवंशात कालिदासाने दुसरा अर्थ धरला आहे: आल्हाद देतो म्हणून चंद्र, तापतो म्हणून तपन. रागाची जुनी व्याख्याही अशीच, जनांच्या चित्ताचं रंजन करतो तो राग. दोघांचं नाव ऐकणाऱ्या-पाहणाऱ्याच्या मनावर काय होतं त्यावरून सांगितलं जातं. शिवाय 'कला' चंद्राचीही आणि गायकाचीही. 'कलानिधी' म्हणजे चंद्र, आणि कलांचा ठेवाही. देवगिरीच्या यादवांकडे असलेल्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात 'संगीतरत्नाकर' लिहिला, त्यावर कल्लिनाथाने लिहिलेल्या टीकेचं, म्हणजे विवरणाचं, नाव 'कलानिधी' आहे. संगीतावरच्या ग्रंथाला हे नाव किती शोभतं!

'मूनलाइट सोनाटा'बद्दल थोडक्यात. बेथोव्हन या जर्मन संगीतकाराने 1801 मध्ये ही रचना केली, पण हे नाव त्याने दिलेलं नाही. ते लुडविग रेलस्टाब या समीक्षकाने पहिल्या भागाला दिलेल्या चांदण्यातल्या सरोवराच्या उपमेवरून पडलं. म्हणजे तिथेही आधी सूर होते आणि चांदणं नंतर एका लिहिणाऱ्याला ऐकू आलं. देब्युसी या फ्रेंच संगीतकाराच्या 'क्लेर द ल्यून'चं, म्हणजे 'चांदण्या'चं, उलट. 1905 मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या पियानोरचनेचं नाव फ्रेंच कवी पॉल वेर्लेनच्या कवितेवरून आलं आहे, आणि त्या कवितेत मुखवटे घातलेल्यांचं गाणं चांदण्यात मिसळतं असंच म्हटलं आहे. वेर्लेनने चकोराची पिल्लं पाहिली नव्हती, ज्ञानदेवांनी मुखवटे पाहिले नव्हते. ज्याला त्याला हे आपापल्या भाषेत सुचलं आहे.

ते सगळीकडे का सुचावं, याचं एक कारण मला डोळ्यांत दिसतं. पौर्णिमेचा चंद्रही सूर्यापेक्षा सुमारे 4 लाख पट मंद असतो. एवढ्या कमी उजेडात रंग ओळखणाऱ्या शंकुपेशी जवळपास निकामी होतात आणि फक्त उजेड-अंधार ओळखणाऱ्या दंडपेशींवर भागवावं लागतं, म्हणून चांदण्यात रंग जातात, वस्तूंच्या कडा आणि सावल्या तेवढ्या उरतात. डोळा मागे सरला की माणूस कानाने जगू लागतो. लांबचं गाणं रात्री जवळ येतं.

तेव्हा प्रयोग शुद्ध आहे, मराठी आहे. तरी मी ते वाक्य तसंच ठेवणार नाही, आणि त्याचं कारण 'पसरलं' हे क्रियापद आहे. सतरंजी पसरते, वास पसरतो, अफवा पसरते. या शब्दात चांदण्याचं असं काही नाही. त्यात 'सुरांचं चांदणं' ही जोडी इतकी वापरली गेली आहे की वाचणारा तिथे थांबतच नाही. कथेत ती जोडी न उच्चारताही तिचं काम करून घेता येईल: 'दाराच्या फटीतून तिचा गंधार झिरपत आला, आणि अंधारात बसलेल्यांचे चेहरे कडांनी तेवढे उजळले.' इथे चंद्राचं नाव नाही, पण 'झिरपत' आणि 'कडा' हे दोन्ही शब्द चांदण्याचेच आहेत. कवितेत जोडी उघड ठेवायला हरकत नाही, तिथे लय तिला सांभाळून घेते.

आता अनुस्वार. 'चांदणं' म्हणजे चंद्रप्रकाश, एकवचनी, म्हणून 'चांदण्यात गाणं रंगलं', अनुस्वार नाही. 'चांदणी' म्हणजे तारका, तिचं अनेकवचन 'चांदण्या', म्हणून 'चांदण्यांत शुक्र ओळखू आला', इथे अनुस्वार हवा. तुमच्या कथेत पौर्णिमा असेल तर पहिलं रूप घ्या.