मूक जपानी चित्रपटांतील सून पाहताना
तुम्ही मूक जपानी चित्रपट नव्याने पाहू लागला आहात, म्हणून सुचवतो की सुरुवात दिग्दर्शक मिकिओ नारुसे यांच्या १९३४ सालच्या ‘कागिरीनाकी होदो’ (‘अंतहीन रस्ता’) या मूकपटापासून करावी. टोकियोच्या गिंझा भागातील कॅफेत काम करणारी सुगिको श्रीमंत घरची सून होते आणि सासू-नणंदेच्या नजरेखाली घुसमटते (ही सासू आपल्याला मुळीच परकी वाटत नाही). मात्र तो जाच केवळ स्वभावदोष समजू नये. जपानच्या १८९८ च्या नागरी कायद्यानुसार विवाहाला कुटुंबप्रमुखाची संमती लागे, शिवाय २५ वर्षांखालील मुलीला आईवडिलांचीही. त्यामुळे मध्यस्थाने जुळवलेली ‘मिआई’, म्हणजे वधूवरांनी एकमेकांना पाहण्याची भेट, हा बहुतेकदा दोन घराण्यांचा व्यवहार ठरे. पडद्याशेजारी उभा राहून कथा सांगणारा बेन्शी बहुधा पुरुष असे, तेव्हा नायिकेचे मौन त्याच्याच आवाजातून प्रेक्षकांपर्यंत पोहोचे, हेही ध्यानात ठेवावे.