वाचक विचारतात : लिमातले १२६ दिवस

प्रश्न : पेरूतल्या जपानी राजदूताच्या निवासातून ओलीस सोडवताना बोगदे खणले होते. आतल्यांना पत्ता कसा लागला नाही? (एक वाचक, सातारा)

उत्तर : लागला होता! १७ डिसेंबर १९९६ ला सम्राटांच्या वाढदिवसाची मेजवानी चालू असताना 'तुपाक अमारू' या पेरूतल्या डाव्या बंडखोर संघटनेचे १४ जण शेजारच्या घराकडून बागेची भिंत फोडून आत शिरले. तुरुंगातले साथीदार सोडा, ही मागणी. घराला उंच भिंत, खिडक्यांना जाळ्या, बुलेटप्रूफ काचा. राजदूतासाठी केलेला हा बंदोबस्त आता घुसखोरांच्याच कामी आला. म्हणून जमिनीखालचा रस्ता.

खोदकामाचा आवाज दबावा म्हणून लष्कराने कर्ण्यांवर फौजी संगीत लावलं. तरी म्होरक्या नेस्तोर सेर्पाला खालचे आवाज आलेच. मार्चमध्ये त्याने बोलणी थांबवली, ओलिसांना वरच्या मजल्यावर नेलं. इथेच तो फसला. त्याची माणसं दुपारी खालच्या दिवाणखान्यात फुटबॉल खेळत. ओलीस वर गेल्यामुळे त्या जमिनीखाली सुरुंग लावणं सोपं झालं.

प्रश्न : नेमकी वेळ कशी कळली? (एक वाचक, फोंडा)

उत्तर : आत पाठवलेल्या सामानात सूक्ष्म मायक्रोफोन दडवले होते. शिवाय ओलिसांतले नौदल अधिकारी लुइस जाम्पिएत्री यांच्याकडे छोटं बिनतारी यंत्र पोचवलं होतं. ओलिसांना फिकट रंगाचे कपडे दिले, म्हणजे धुरातही माणूस ओळखू यावा. कमांडोंचा सराव घराच्या हुबेहूब प्रतिकृतीत झाला. २२ एप्रिल १९९७ ला खेळ रंगल्याची खात्री झाली, साधारण १० मिनिटं आधी जाम्पिएत्रींना इशारा गेला आणि दुपारी ३ वाजून २३ मिनिटांनी स्फोट झाले. स्फोटांतून जे वाचले, त्यांच्याशी मग खरी चकमक झाली. ७२ पैकी ७१ ओलीस जिवंत सुटले. ओलिसांतले न्यायमूर्ती कार्लोस जुस्ती आणि कारवाईतले दोन लष्करी अधिकारी गेले. ओलीस धरणारे १४ जण ठार.

प्रश्न : परकीय राजदूताच्या घरात असं घुसता येतं? (एक वाचक, नागपूर)

उत्तर : १९६१ च्या व्हिएन्ना करारानुसार संमतीशिवाय नाही. जपानचे पंतप्रधान हाशिमोतो यांनी आधी न कळवल्याबद्दल खेद व्यक्त केला, आभारही मानले. कायद्याचा खरा पेच वेगळाच निघाला. आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयाने २०१५ मध्ये ठरवलं की त्या १४ पैकी एकाला सरकारच्या ताब्यात आल्यावर मारलं, आणि पेरूला जबाबदार धरलं.