मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटन, त्याच्या 'द प्लेहाउस' या सिनेमामध्ये एकाच चौकटीत नऊ कीटन दिसतात. फिल्म कापून चिकटवली असेल ना?

नाही हो, चिकटवलेलं काही नाही. मेहुण्यापुढे हे सांगून माझा घसा बसलाय, म्हणून इथे लिहितोय.

आमचा सांगलीत फोटो स्टुडिओ होता, रोलच्या काळातला. एक पैलवान आले, म्हणाले, मीच माझ्यासमोर पवित्र्यात उभा आहे असा फोटो काढा. वडिलांनी लेन्सपुढे काळा पुठ्ठा धरून अर्धी बाजू झाकली, एक एक्स्पोजर घेतलं, म्हणजे फिल्मवर एकदा उजेड पाडला. रोल न सरकवता पुठ्ठा दुसऱ्या बाजूला नेला, पैलवान समोरच्या खडूच्या खुणेवर. दोन्ही वेळा मधला भाग झाकला गेला तर फोटोत काळी पट्टी येते, दोन्ही वेळा उघडा राहिला तर पांढुरकी. ट्रायपॉडला धक्का नको म्हणून पैलवानांच्या पोराला बाहेर बसवलं होतं. फोटो असा उतरला की पैलवानांनी मोठी प्रत करून तालमीत लावली. आणि आमचे मेहुणे म्हणाले, "दोन फोटो कापून जोडलेत." निगेटिव्ह उजेडात धरून दाखवली, अखंड. तरी तेच!

कीटनने 1921 साली हेच केलं, पण हलत्या चित्रात. लेन्सपुढे काळी पेटी, तिला उभ्या झडपा. एक झडप उघडायची, एक कीटन टिपायचा, फिल्म मागे गुंडाळायची, पुढची उघडायची. नऊ कीटनसाठी आठ वेळा मागे. कॅमेरा हाताने फिरवायचा, वेग दर वेळी तोच हवा. ते काम कॅमेरामन एल्जिन लेस्लीचं, आणि माझ्या मते खरा हिरो तोच. ताल जुळावा म्हणून कीटन बँजोच्या तालावर नाचायचा. त्याआधी त्याचा घोटा मोडला होता, त्यामुळे या सिनेमात धडपड कमी, करामत जास्त.

कात्री त्या काळी नव्हतीच असं मात्र नाही. माणूस गायब करायला फ्रान्सचा जुना सिनेमावाला मेलिएस फिल्म कापून जोडायचा. पण 1900 साली त्याने स्वतःच्या सात प्रती एकत्र दाखवल्या, त्या पुन्हापुन्हा एक्स्पोजर देऊनच.

कोणी म्हणालं, "हल्ली फोनवर मिनिटात होतं," तर त्याला हँडलचा कॅमेरा द्या. आठ वेळा मागे, नऊ वेळा पुढे, वेग तोच. मग बोलू.