वाचक विचारतात : कोन इचिकावांचे चित्रपट

प्रश्न : जपानी दिग्दर्शक कोन इचिकावा यांचा एक चित्रपट युद्धावरचा, दुसरा रंगभूमीवरल्या नटाच्या सूडाचा, तिसरा चक्क ऑलिंपिकचा माहितीपट. यात एकच हात ओळखायचा कसा? सुरुवात कुठून करावी?

उत्तर : विषयावरून ओळखायला गेलात तर हाती काही लागणार नाही. चौकट बघा. इचिकावांची (१९१५–२००८) सुरुवात क्योतोमध्ये अ‍ॅनिमेशन विभागात झाली आणि पडद्याचा प्रत्येक कोपरा रेखाटून भरायची सवय त्यांना कायमची जडली. कथा बहुतेक वेळा कादंबऱ्यांवरून घेतलेल्या. १९६५पर्यंतच्या अनेक महत्त्वाच्या पटकथांत पत्नी नात्तो वादा यांचा हात आहे.

आधी 'द बर्मीज हार्प' (१९५६) पाहा, मग लगोलग 'फायर्स ऑन द प्लेन' (१९५९). पहिल्यात ब्रह्मदेशात लढलेला जपानी सैनिक मृतांना मूठमाती द्यायला मागे राहतो. दुसऱ्यात फिलिपिन्समध्ये भुकेने माणूसपणच संपत जातं. पहिला त्यांनी १९८५मध्ये रंगीत पुन्हा केला, तेव्हा साल तपासून घ्या. मग 'अ‍ॅन अ‍ॅक्टर्स रिव्हेंज' (१९६३). यात रुंद पडदा जवळजवळ पूर्ण काळा ठेवून उजेड पडतो तो नुसत्या दोरावर किंवा तलवारीच्या पात्यावर. मोबाइलवर किंवा दिवा लावून पाहिलात तर यातलं निम्मं हरवेल. 'टोकियो ऑलिंपियाड' (१९६५) जवळपास तीन तासांचाच घ्या, कापलेला नको.

प्रश्न : त्यांच्या 'ओतोतो'चे (१९६०) रंग विटके दिसतात. प्रिंट खराब असते का?

उत्तर : नाही, ते मुद्दाम केलेलं आहे. तैशो काळाचा (जपानमधला १९१२–२६चा काळ) मंद रंग हवा म्हणून छायालेखक काझुओ मियागावा यांनी प्रयोगशाळेतली प्रक्रियाच बदलली. रंगीत फिल्म डेव्हलप होताना रंगासोबत धातुरूप चांदीही तयार होते. एरवी ब्लीच त्या चांदीचं पुन्हा क्षारात रूपांतर करतं आणि फिक्सर तो क्षार धुऊन काढतो. ब्लीच गाळलं की चांदी रंगावर बसून राहते : रंग उतरतो, काळा गडद होतो, कॉन्ट्रास्ट वाढतो. प्रिंटवर हे केलं तर सावलीतले तपशील बुजतात, म्हणून चित्रीकरणातच सावल्यांत थोडा जादा प्रकाश भरावा लागतो. निगेटिव्हवर केलं तर उलट उजळ भागच फटफटीत होतात.

जुनाट प्रिंट ओळखणं सोपं आहे. तिच्यात काळासुद्धा फिका पडतो आणि चित्रावर लालसर झाक चढते. 'ओतोतो'तला काळा मात्र घट्ट आहे.