वाचक विचारतात : मूकपटातला दान्ते

प्रश्न : इटालियन कवी दान्तेच्या ‘इन्फर्नो’ या नरकयात्रेच्या काव्यावरचा १९११चा इटालियन मूकपट शोधताना एक प्रत पंधरा-वीस मिनिटांची मिळाली, दुसरी तासाभराहून मोठी. पहिली कापलेली आहे का?

उत्तर : नाही, हे दोन वेगळे चित्रपट आहेत. ‘मिलानो फिल्म्स’चा मोठा चित्रपट तयार होत असताना वेलेत्री गावच्या ‘हेलिओस’ या कंपनीने त्याच विषयावरचा छोटा चित्रपट घाईघाईने उरकून आधी बाजारात आणला. पाहायचा तो मिलानोचाच. चित्रकार गुस्ताव दोरेची ‘इन्फर्नो’वरची १८६१ची चित्रं शेजारी उघडून ठेवा; कितीतरी दृश्यांची मांडणी थेट तिथून आली आहे.

मिलानोच्याच दोन प्रतींची लांबी जुळत नसेल, तर आधी वेग पाहा. ३५ मिमी फिल्मच्या एका मीटरमध्ये साधारण ५२ चौकटी (फ्रेम) बसतात. १००० मीटर फिल्म सेकंदाला १६ चौकटींनी चालवली तर सुमारे ५५ मिनिटं पुरते, २४ने चालवली तर ३६ मिनिटांत संपते. पात्रं तुरुतुरु पळताना दिसली तर प्लेअरचा वेग ०.७५ करा, म्हणजे २४च्या १८ होतील. आवाज मात्र बंद ठेवा, संगीत रेंगाळतं. चाल मुळातच नैसर्गिक दिसत असेल तर वेगाला हात लावू नका.

प्रश्न : ‘इन्फर्नो’तल्या नरकात शिक्षा भोगणारा कवी बेर्त्रां द बोर्न स्वतःचं तुटलेलं मुंडकं हातात धरून येतो. त्या काळी हे कसं जमवत?

उत्तर : अशा दृश्यांची रीत दुहेरी छायाचित्रणाची. काळ्या पडद्यापुढे नट उभा करायचा, डोकं काळ्या कापडाने झाकायचं. काळ्यावरून प्रकाश परतत नाही, त्यामुळे फिल्मचा तेवढा भाग कोरा राहतो. मग फिल्म मागे गुंडाळून त्याच पट्टीवर फक्त डोकं टिपायचं, बरोबर हाताच्या जागी. कॅमेरा केसभर हलला तरी मुंडकं मुठीतून निसटल्यासारखं डुलतं, आणि कापडावर उजेड पडला की करडा डाग उमटतो. हात हलत असेल तर काम आणखी अवघड, कारण दुसऱ्या वेळी डोक्याची हालचालही त्याच लयीत हवी.

प्रश्न : यानंतर काय पाहावं?

उत्तर : दिग्दर्शक अंतामोरोचा ‘पिनोकिओ’ (१९११) हलकाफुलका आहे. पण आधी ‘चेनेरे’ (१९१६) पाहा. ग्रात्सिया देलेद्दाच्या कादंबरीवरचा हा चित्रपट रंगभूमीवरच्या थोर अभिनेत्री एलिओनोरा दूझे यांचा एकमेव चित्रपट. त्यांच्या हातांकडे लक्ष ठेवा. चेहऱ्याइतकंच ते बोलतात.